वितळणे आणि विरघळणे : आइस्क्रीमच्या पाठातून विज्ञान व भाषा

भाषेचे शिक्षण आणि विज्ञानाचे शिक्षण ही दोन स्वतंत्र खाती आहेत, असे आपल्या शाळांतून बहुधा गृहीत धरले जाते. वेळापत्रकात त्यांचे तास वेगळे असतात, शिक्षक वेगळे असतात आणि वह्याही वेगळ्या असतात. मुलाच्या मनात मात्र अशी विभागणी झालेली नसते. एखादी घटना तो पाहतो आणि तिला नाव देऊ लागतो, तेव्हा निरीक्षण व नामकरण ह्या क्रिया एकाच वेळी चाललेल्या असतात. नाव चुकले तर निरीक्षणही पुष्कळदा निसटते. साखर चहात वितळते की विरघळते, हा प्रश्न वरवर शब्दाचा वाटतो, पण त्यात पदार्थविज्ञानाचा एक मूलभूत भेद दडलेला आहे.

ह्या भेदाची चर्चा प्रस्तुत लेखात एका अगदी साध्या उपक्रमाच्या आधारे करावयाची आहे. हा उपक्रम म्हणजे मुलांनी वर्गात आइस्क्रीम तयार करणे. भारतीय साहित्याच्या अभ्यासकांपुढे हा विषय मांडताना थोडा संकोच वाटणे साहजिक आहे. परंतु भारतीय भाषांना ज्ञानभाषा म्हणून काय भवितव्य आहे ह्याची चिंता आपण सर्वच करतो. त्या चिंतेचा निकाल परिभाषा-समित्यांच्या बैठकींपेक्षा दहा-बारा वर्षांच्या मुलांच्या वाक्यांत अधिक लागत असतो. तेव्हा त्या वाक्यांकडे जरा बारकाईने पाहणे अप्रस्तुत ठरू नये.

१. कृती आणि तिच्यामागील शास्त्र

ज्यांचे बालपण विजेची शीतपेटी घरोघरी येण्यापूर्वी गेले, त्यांना आइस्क्रीमचे पॉट आठवत असेल. लाकडी पिंप, त्याच्या मध्यभागी धातूचा उभा डबा, डब्यात फिरणारे पाते आणि वर हँडल. उन्हाळ्याच्या सुटीत एखाद्या दुपारी गोणपाटात गुंडाळलेली बर्फाची लादी येई, ती फोडली जाई, पिंपात बर्फाचा एक थर व खडेमिठाचा एक थर असे थर रचले जात आणि मग मुले पाळीपाळीने हँडल फिरवीत. हे हाताने फिरवावयाचे यंत्र मूळ अमेरिकेतले. नॅन्सी जॉन्सन ह्या बाईंनी १८४३ साली त्याचे एकस्व घेतले होते.

वर्गात अशा यंत्राची गरज नाही. झाकणाचा एक लहान स्टीलचा डबा, तो सैलसर मावेल असा एक मोठा डबा किंवा बादली, तीन भाग फोडलेला बर्फ, एक भाग खडेमीठ, उकळून गार केलेले दूध, साखर, थोडी वेलदोड्याची पूड आणि प्रयोगशाळेतील एक तापमापक एवढे साहित्य पुरते. लहान डब्यात गोड दूध घालून तो बर्फ-मिठाच्या मिश्रणात ठेवावा, सतत फिरवावा आणि मधून मधून झाकण उघडून कडेला धरलेला थर खरवडून मध्ये घ्यावा. खारे पाणी दुधात जाणार नाही, ह्याची काळजी घ्यावी. मिश्रणात बोटे धरून ठेवू देऊ नयेत, कारण ते त्वचेला इजा करण्याइतके थंड असते. वीस ते तीस मिनिटांत दूध घट्ट होऊ लागते.

ह्या कृतीत विचार करण्याजोगे पहिले कोडे असे की, नुसत्या बर्फाने काम का भागत नाही? वितळणाऱ्या बर्फाचे तापमान ० अंश सेल्सिअस असते. दुधाचा गोठणबिंदू मात्र शून्याच्या सुमारे अर्धा अंश खाली आहे आणि साखर घातल्यावर तो आणखी खाली जातो. म्हणजे गोड दूध गोठवावयाचे तर ते शून्याहून थंड अशा कशात तरी ठेवले पाहिजे. बर्फाहून थंड काय असते, असा प्रश्न विचारला की वर्ग गप्प होतो. मीठ घातलेला बर्फ, हे उत्तर मुले तापमापकावर वाचतात. पारा शून्याखाली उतरतो, आणि शाळेतला नेहमीचा तापमापक उणे दहा अंशांपर्यंतच आखलेला असल्यामुळे पुष्कळदा तो आखणीच्या शेवटापर्यंत जातो. वजनाने सुमारे २३ टक्के मीठ असलेल्या मिश्रणात, सर्व काळजी घेतली असता, उणे २१ अंशांपर्यंत जाता येते. वर्गात तितके साधत नाही आणि त्याची गरजही नसते.

दुसरे कोडे अधिक खोल आहे. मीठ घातल्यावर बर्फ भराभर वितळू लागतो, हे मुलांना डोळ्यांनी दिसते. वितळणे म्हणजे उष्णतेने पातळ होणे, अशी त्यांची समजूत असते. मग जो वितळत आहे तो अधिक थंड कसा होतो?

उत्तर दोन पायऱ्यांनी द्यावे लागते. शून्य अंशावर बर्फ व पाणी एकत्र असतात तेव्हा बर्फाचे काही रेणू सुटून पाण्यात जात असतात आणि पाण्याचे काही रेणू बर्फाला येऊन मिळत असतात. ही ये-जा सारखी असल्यामुळे वरून काही घडताना दिसत नाही. पाण्यात मीठ आले की परत येणाऱ्यांची संख्या घटते, जाणारे मात्र जातच राहतात, आणि म्हणून बर्फ वितळू लागतो. ही पहिली पायरी. दुसरी अशी की, वितळण्याला उष्णता लागते. शून्य अंशावरील एक ग्रॅम बर्फाचे शून्य अंशावरीलच पाणी होण्यास सुमारे ८० कॅलरी, म्हणजे ३३४ जूल उष्णता खर्ची पडते. तेवढ्या उष्णतेत एक ग्रॅम पाणी शून्यापासून ८० अंशांपर्यंत तापले असते. जोसेफ ब्लॅक ह्या स्कॉटिश शास्त्रज्ञाने १७६०च्या सुमारास ओळखलेली ही ‘अप्रकट उष्मा’. ही उष्णता बाहेरून पुरेशा वेगाने मिळाली नाही तर मिश्रण ती स्वतःतून आणि शेजारच्या दुधाच्या डब्यातून घेते. म्हणून मिश्रण थंड होते आणि दूध गोठते.

ढवळण्याचेही शास्त्र आहे. दूध स्थिर ठेवले तर त्यात बर्फाचे मोठे, दाताखाली करकरणारे स्फटिक होतात. सतत हलविल्याने स्फटिक लहान राहतात आणि हवाही मिसळते. कुल्फी ढवळीत नाहीत, पण तिचे दूध आधीच आटवून दाट केलेले असल्यामुळे त्यात पाण्याचा अंश कमी असतो आणि स्फटिकांना वाव कमी मिळतो. आइस्क्रीमचा हलकेपणा हवेमुळे आणि कुल्फीचा भरीवपणा आटीवपणामुळे येतो, हे मुले चवीनेच पडताळू शकतात.

२. दोन क्रियापदे

आता भाषेकडे वळू. वर सांगितलेल्या क्रियेत एकाच भांड्यात, एकाच वेळी दोन गोष्टी घडतात. बर्फ वितळतो आणि मीठ विरघळते. वितळण्याला एकच पदार्थ पुरतो. तो घन असतो आणि द्रव होतो. विरघळण्याला दोन पदार्थ लागतात. एक दुसऱ्यात पसरून दिसेनासा होतो. वितळण्याची जोडी गोठण्याशी आहे. विरघळलेले मीठ परत मिळवावयाचे तर पाणी आटवावे लागते. मराठी मुलाला ही दोन्ही क्रियापदे घरातूनच मिळालेली असतात. तूप वितळते, मेण वितळते, साखर विरघळते, हे भेद स्वयंपाकघरात कोणी समजावून दिलेले नसतात, तरी ते पाळले जातात.

वर्गात मात्र मूल सहज म्हणून जाते की, ‘मीठ वितळले’. मराठी मुलुखाबाहेर वाढणारी किंवा इंग्रजी माध्यमात शिकणारी मुले ‘साखर मेल्ट झाली’ असेही म्हणतात. अशा वेळी शब्द दुरुस्त करून पुढे जाण्याचा मोह शिक्षकाने आवरावा. त्याने दोन वाट्या पुढे ठेवाव्यात. एकीत लोणी घेऊन ती गरम पाण्यावर धरावी, दुसरीत गार पाणी घेऊन चमचाभर साखर घालावी, आणि ‘दोन्ही ठिकाणी सारखेच घडले का?’ असे विचारावे. एकीकडे उष्णता लागली, दुसरीकडे पाणी लागले, एवढे मुलांनी स्वतः सांगितले की दोन शब्दांची गरज त्यांना पटते. व्याख्या त्यानंतर यावी.

ह्या भेदाचे एक ऐतिहासिक उदाहरण अभ्यासकांना रुचेल असे आहे. ‘आईन-ए-अकबरी’त अबुल फजलने सोऱ्याच्या साहाय्याने पाणी गार करण्याची रीत नोंदविली आहे. तेथे बर्फ नाही. सोरा पाण्यात विरघळतो, आणि विरघळताना एका ग्रॅममागे सुमारे ३४५ जूल उष्णता शोषून घेतो. खडेमिठाची ही शक्ती अगदी अल्प, ग्रॅममागे सुमारे ६६ जूल आहे. म्हणजे अकबराच्या आबदारखान्यातले पाणी विरघळण्यामुळे गार होई, तर आपल्या पॉटमधले दूध मुख्यतः वितळण्यामुळे गोठते. दोन्हीकडे ‘क्षार घातला आणि गार झाले’ असेच वरवर दिसते. त्यातले अंतर नेमके सांगण्यासाठी घरातली हीच दोन क्रियापदे कामी येतात.

परिभाषेची स्थिती याउलट आहे. वितळण्याच्या तापमानाला आपण ‘द्रवणांक’ म्हणतो, विरघळून होते त्याला ‘द्रावण’, ज्यात विरघळते त्याला ‘द्रावक’, आणि विरघळण्याच्या क्षमतेला ‘विद्राव्यता’. हे सर्व शब्द एकाच संस्कृत धातूपासून आलेले असल्यामुळे बोलीने जो भेद स्पष्ट राखला होता तो परिभाषेत पुसट होतो. ‘द्रवण’ व ‘द्रावण’ ह्यांत एका काण्याचे अंतर उरते. संस्कृतोद्भव परिभाषेवर सरसकट टीका करण्याचा येथे हेतू नाही, कारण शब्दसिद्धीची जी सोय तिच्यात आहे ती बोलीत नाही. तथापि ‘गोठणबिंदू’ आणि ‘वितळबिंदू’ असे शब्द मराठीत रूढ आहेत, आणि मुलाला ते ऐकताक्षणी कळतात. हिंदीत त्यांच्या जागी ‘हिमांक’ व ‘गलनांक’ असे शब्द आहेत. परिभाषा घडविताना घरातल्या क्रियापदाला कोठे स्थान द्यावे, ह्या प्रश्नाचा विचार करण्यास हे उदाहरण पुरेसे आहे.

बोलीही सर्वत्र काटेकोर असते असे नाही. वडी ‘तोंडात विरघळते’, मन ‘विरघळते’, एखादा स्तुतीने ‘पाघळतो’. तूप ‘थिजते’, पाणी ‘गोठते’, रक्त ‘साकळते’, दूध ‘आटते’, रस ‘आळतो’. घट्ट होण्याच्या ह्या पाच क्रियापदांपैकी शेवटच्या दोहोंत पाणी निघून जाते, पहिल्या दोहोंत केवळ थंडी कारण असते आणि मधल्यात तिसरेच काही घडते. अशी यादी मुलांकडून करवून घेणे, मग ती दाते-कर्वे ह्यांच्या ‘महाराष्ट्र शब्दकोशा’त पडताळून पाहणे, हा भाषेच्या तासाचा एक सकस पाठ होऊ शकतो.

‘गार असणे’ आणि ‘गार लागणे’ ह्यांतही असाच पाठ आहे. एकाच खोलीतला स्टीलचा डबा हाताला गार लागतो, लाकडी डाव तितका लागत नाही. तापमान दोहोंचे सारखेच असते, परंतु धातू हातातली उष्णता लवकर नेतो. मराठीतले ‘लागणे’ हे क्रियापद अनुभव सांगते, वस्तुस्थिती सांगत नाही, आणि हा विवेक विज्ञानाच्या पहिल्या पायरीवरच हवा असतो. ‘बर्फ उष्ण असतो’ असे आजी म्हणते तेव्हा ती तापमानाविषयी बोलत नसून शरीरावर होणाऱ्या परिणामाविषयी बोलत असते. तिचे मत तपासावयाचे असेल तर ते त्या अर्थाने तपासावे. तापमापक दाखवून तिला खोटे पाडण्यात विज्ञान नाही आणि भाषेची जाणही नाही.

३. इतर भारतीय भाषांची साक्ष

बहुभाषिक वर्गात हा उपक्रम अधिक फलदायी होतो. मराठीप्रमाणे हिंदीत ‘पिघलना’ आणि ‘घुलना’ असा भेद आहे. तमिळमध्ये ‘उरुगु’ व ‘करै’ असा आहे. कन्नडमध्ये मात्र ‘करगु’ आणि तेलुगूत ‘करुगु’ हे क्रियापद दोन्ही क्रियांना चालते. गोठण्याच्या बाबतीत वाटणी वेगळी होते. हिंदीत बर्फ ‘जमती’ आणि दहीही ‘जमता’. कन्नडमध्ये विरजणाला ‘हेप्पु’ म्हणतात, आणि ‘हेप्पुगट्टु’ हे क्रियापद गोठण्यालाही वापरले जाते. तमिळचे ‘उरै’ हेही दह्याला व बर्फाला समान आहे. मराठीत दही ‘लागते’ आणि पाणी ‘गोठते’. मराठीतले ‘जमणे’ तर गर्दीला किंवा एखादे काम साधण्याला लागते. त्यामुळे दिल्लीत वाढलेले मराठी मूल ‘दूध जमले’ असे म्हणाले तर घरी हशा होतो.

ह्यावरून कन्नड मुलाला वितळणे व विरघळणे ह्यांतला फरक कळत नाही, किंवा मराठी मुलाला दही व बर्फ ह्यांतले साम्य दिसत नाही, असा निष्कर्ष काढणे चुकीचे होईल. जेथे भाषेत दोन शब्द नाहीत तेथे ‘कशात?’ हा एक प्रश्न जोडला की काम भागते. पाण्यात करगले की नुसतेच करगले? भाषा विचाराला अडवीत नाहीत, पण कोठे थांबून विचार करावा ह्याच्या खुणा त्या वेगवेगळ्या ठिकाणी रोवतात. वर्गात तीन-चार मातृभाषा असतील तर त्या खुणा एकमेकींशेजारी मांडता येतात. तौलनिक अभ्यास विद्यापीठातच सुरू होतो असे मानण्याचे कारण नाही. बर्फाच्या बादलीभोवतीही तो सुरू होऊ शकतो.

४. ‘तरी’पासून ‘म्हणून’पर्यंत

शब्दांपेक्षा वाक्यरचनेचा पाठ अधिक महत्त्वाचा आहे. शास्त्रीय विचार नामांत कमी आणि उभयान्वयी अव्ययांत अधिक असतो, असे म्हणावयास हरकत नाही. ‘कारण’, ‘म्हणून’, ‘तरी’, ‘जर-तर’, ‘जसजसे-तसतसे’, ‘जोपर्यंत-तोपर्यंत’ ही अव्यये ज्या मुलाला नीट वापरता येतात त्याला अनुमान करता येते.

उपक्रमाच्या आरंभी, पारा खाली गेलेला पाहून, मुले साधारणपणे असे वाक्य लिहितात : ‘बर्फ वितळत होता, तरी तो अधिक थंड होत गेला.’ हे वाक्य प्रामाणिक आहे. ‘तरी’ ह्या एका शब्दात अपेक्षाभंगाचे सारे आश्चर्य आले आहे. चर्चा होऊन अप्रकट उष्म्याची कल्पना उमगल्यावर तेच वाक्य असे होते : ‘बर्फ वितळत होता, म्हणून तो अधिक थंड होत गेला.’ दोन वाक्यांत एकाच अव्ययाचा फरक आहे, पण सर्व धडा त्या फरकात आहे. शिक्षकाला परीक्षा घ्यावयाची असेल तर हे रिकामे स्थान भरावयास सांगावे आणि निवडलेल्या शब्दाचे समर्थन मागावे. ‘मिठामुळे तो वितळत होता आणि वितळण्यासाठी त्याने स्वतःचीच उष्णता वापरली’ असे समर्थन जो देतो त्याला विषय समजला. केवळ ‘अप्रकट उष्मा’ हे नाव सांगतो त्याला समजलाच असेल असे नाही.

प्रयोजक क्रियापदांचा अभ्यासही येथे आपोआप घडतो. पाणी गोठते, आपण दूध गोठवतो. बर्फ वितळतो, ऊन त्याला वितळवते. ‘मीठ बर्फाला वितळवते’ असे म्हणावे काय? मुले म्हणतात, आणि त्यातून मीठ ‘गरम’ असले पाहिजे असे अनुमानही काढतात, कारण वितळवणारे ऊन व विस्तव त्यांना ठाऊक असतात. ‘मिठामुळे बर्फ वितळतो’ असे म्हटले की मीठ निमित्त ठरते आणि उष्णता कोठून आली हा प्रश्न मोकळा राहतो. व्याकरणातला कर्ता आणि निसर्गातले कारण ह्यांची अशी सांगड घालण्याची संधी व्याकरणाच्या तासाला क्वचितच मिळते.

लेखनाचे प्रकारही तीन होतात. पहिला पाककृतीचा. मराठीत ह्या गद्याची परंपरा जुनी आहे. रामचंद्र सखाराम गुप्ते ह्यांचे ‘सूपशास्त्र’ १८७५ साली, लक्ष्मीबाई धुरंधर ह्यांचे ‘गृहिणी-मित्र’ १९१० साली आणि कमलाबाई ओगले ह्यांची ‘रुचिरा’ १९७० साली प्रसिद्ध झाली. ‘दूध आटवावे’, ‘साखर घालावी’ हा विध्यर्थ ह्या लेखनाचा स्वभाव आहे. दुसरा प्रकार अहवालाचा. ‘आम्ही मीठ घातले. पाच मिनिटांनी तापमान उणे आठ अंश होते’ हा भूतकाळ. तिसरा नियमाचा. ‘मीठ घातले असता पाण्याचा गोठणबिंदू खाली जातो’ हा नित्य वर्तमान. काय करावे, काय झाले आणि काय होते, ह्या तीन प्रश्नांची तीन गद्ये एकाच अनुभवातून लिहून घेतली म्हणजे काळ व अर्थ ह्यांचे प्रयोजन मुलांना कळते. एरवी ते कोष्टकातच राहतात.

५. एका विद्यार्थ्याचा प्रश्न

आइस्क्रीम, विज्ञान आणि बोलण्याचे धैर्य ह्यांचा संबंध दाखविणारी एक सत्यकथा येथे सांगितली पाहिजे. १९६३ साली आजच्या टांझानियातील मगाम्बा येथील माध्यमिक शाळेत एरास्टो म्पेंबा नावाचा विद्यार्थी होता. तेथील मुले दूध उकळून, साखर घालून, गार करून शीतपेटीत ठेवीत व आइस्क्रीम करीत. एके दिवशी जागा जाईल ह्या घाईने त्याने आपले गरम दूध तसेच आत ठेवले. त्याच वेळी एका मित्राने न उकळलेले दूध ठेवले होते. दीड तासाने पाहतो तो म्पेंबाचे दूध गोठलेले आणि मित्राचे अजून पातळ. त्याने कारण विचारले तेव्हा शिक्षकांनी त्याचा काही घोटाळा झाला असावा असे सांगितले. पुढे दुसऱ्या शाळेत त्याने पुन्हा विचारले, तर ‘हे तुझे स्वतःचे भौतिकशास्त्र’ अशा अर्थाचे उत्तर मिळाले, आणि त्यानंतर त्याची कोणतीही चूक झाली की वर्गात त्याच नावाने थट्टा होऊ लागली.

दार-एस-सलाम येथील विद्यापीठीय महाविद्यालयातील भौतिकीचे अध्यापक डेनिस ऑस्बर्न त्या शाळेत व्याख्यानाला आले असता म्पेंबाने तोच प्रश्न सर्वांदेखत विचारला. मुले हसली. ऑस्बर्न ह्यांनी मात्र परत जाऊन प्रयोग करून पाहिला. १९६९ साली दोघांच्या नावाने निबंध प्रसिद्ध झाला आणि त्यात म्पेंबाने आपली हकीकत स्वतःच्या शब्दांत सांगितली आहे.

ह्या कथेचा शेवट नीट समजून घ्यावयास हवा. गरम पाणी थंड पाण्याआधी गोठते हा नियम सिद्ध झालेला नाही. अनेकांनी अनेक कारणे सुचविली. २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या एका काटेकोर तपासणीत तर असा परिणाम दिसलाच नाही, आणि तापमापक किंचित वरखाली लावल्यानेही भ्रम होऊ शकतो असे आढळले. वाद अद्याप मिटलेला नाही. म्पेंबाची थोरवी त्याचे उत्तर बरोबर असण्यात नाही, कारण त्याच्याकडे उत्तर नव्हतेच. जे पाहिले ते त्याने स्पष्ट वाक्यात सांगितले आणि हशा झाला तरी ते वाक्य मागे घेतले नाही. असे वाक्य उच्चारता येणे हे विज्ञानशिक्षणाचे जेवढे फलित आहे तेवढेच भाषाशिक्षणाचेही आहे. ज्या वर्गात मुलाला आपला अनुभव परक्या भाषेत अडखळत सांगावा लागतो, तेथे अशी किती वाक्ये ओठांवरच गोठत असतील, ह्याचा विचार व्हावा.

६. पूर्वसूरी आणि आक्षेप

कृतीतून ज्ञान ही कल्पना नवी नाही. जॉन ड्यूई ह्यांच्या शिकागो येथील शाळेत १८९६ पासून स्वयंपाक हा अभ्यासाचा विषय होता, आणि निरनिराळ्या तापमानाच्या पाण्याचा अंड्यातील पांढऱ्या बलकावर काय परिणाम होतो, हे मुले तेथे पाहत. लेव्ह विगोत्स्की ह्यांनी १९३४ साली रोजच्या व्यवहारातील संकल्पना आणि शास्त्रीय संकल्पना ह्यांच्या परस्पर वाढीचे विवेचन केले. आपल्याकडे १९३७ च्या वर्धा परिषदेनंतर नई तालीमने ‘समवाय’ हा शब्द दिला. उद्योगातूनच भाषा, गणित व विज्ञान उमलावे असा त्याचा आशय होता. मध्य प्रदेशात होशंगाबाद (आताचे नर्मदापुरम) जिल्ह्यात १९७२ साली सोळा शाळांपासून सुरू झालेल्या विज्ञानशिक्षण कार्यक्रमाने प्रयोग आणि साधी हिंदी ह्यांची सांगड घातली. तीन दशकांनंतर, २००२ साली, तो शासनाने बंद केला, परंतु त्याची ‘बाल वैज्ञानिक’ ही पुस्तके आजही चाळण्याजोगी आहेत. २०२० च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणाने निदान पाचवीपर्यंत घरची भाषा माध्यम असावी, असे सुचविले आहे. माध्यम बदलले तरी वाक्ये पुस्तकातलीच पाठ करावयाची असतील तर फरक थोडाच पडेल.

आक्षेपही लक्षात घेतले पाहिजेत. दूध व साखर ह्यांचा खर्च सर्व शाळांना झेपणारा नाही. त्यावर उपाय सोपा आहे. कोकमाचे किंवा लिंबाचे सरबत लहान डब्यात गोठविले तरी शास्त्र तेच राहते, आणि एका पाठाला दोन किलो बर्फ व अर्धा-पाऊण किलो मीठ पुरते. गोडाचे आमिष दाखवून शिकविणे योग्य नव्हे, असाही आक्षेप येतो. तो खरा ठरेल, जर शेवटी खाणे उरले आणि लिहिणे राहिले तर. म्हणून तापमानाची नोंद वहीत झाल्याशिवाय डबा उघडू नये, हा दंडक बरा. तिसरी गोष्ट, स्वयंपाक हे मुलींचे काम आणि प्रयोग हे मुलांचे, ही वाटणी वर्गात नकळत होते. ढवळणारे हात आणि लिहिणारे हात पाळीपाळीने बदलले पाहिजेत.

७. समारोप

एक डबा सरबत गोठविल्याने मराठी ज्ञानभाषा होणार नाही, हे उघड आहे. परंतु ज्ञानभाषा म्हणजे पारिभाषिक शब्दांचा साठा नव्हे. कारणाला कारण म्हणता येणे, दिसले ते आणि वाटले ते वेगळे सांगता येणे, ‘तरी’च्या जागी ‘म्हणून’ केव्हा घालावा हे कळणे, ही तिची लक्षणे होत. ही सामग्री आपल्या भाषांत आहे आणि बरीचशी स्वयंपाकघरात पडून आहे. वितळणे, विरघळणे, थिजणे, आळणे हे शब्द नव्या पिढीच्या तोंडून एकेक करून जात आहेत, आणि त्यांच्या जागी एकच परका शब्द येत आहे. शब्द गेल्याचे दुःख साहित्यिकाला होतेच. पण त्या शब्दाबरोबर एक भेद पाहण्याची सवयही जाते, ही हानी विज्ञानाच्या शिक्षकालाही आपली वाटली पाहिजे. दोघांनी मिळून घ्यावयाचा असा एखादा तास वेळापत्रकात बसविता आला तर त्याची सुरुवात बर्फ, मीठ आणि दोन क्रियापदे एवढ्या सामग्रीवर करता येईल.